सेत्सुकोबाई आणि मिरजेचा डबा

अबू हमूर, दोहा
१४ ऑक्टोबर २०२४

महिपती मामा,

आधी खुर्चीत बसा, मग वाचा.

सेत्सुको मिझुनुमा दोह्यात आहेत. मी त्यांना पाहिलं. तुमच्या झोपाळ्यापासून तुमचं दार जेवढं लांब आहे ना, तेवढ्याच अंतरावरून. फोन करायला हात शिवशिवत होता, पण आपला रूल आठवला. सिनेमाबद्दल फोनवर बोलायचं नाही, कारण फोनवर माणूस ‘मस्त होता’ म्हणून सुटतो. आणि लिहायचं ते मराठीतच. माझ्या ऱ्हस्व-दीर्घाला हसू नका, शाळेत मला मराठी नव्हती. शेजारच्या बबीता काकू उद्या मुंबईला चालल्यात, हे पत्र त्या तिथून पोस्टात टाकतील आणि तुमचं उत्तरही येताना त्याच आणतील.

तर ऐका. बाई नववा सिनेमा करतायत आणि त्याचा अर्धा भाग इथे आहे. एक जपानी गॅस इंजिनियर वीस वर्षांपूर्वी दोह्यात होता. दर शुक्रवारी तो एका इंडियन कलीगच्या घरी जेवायचा. आता तो वारलाय आणि त्याची मुलगी ते घर शोधत येते. बस, एवढीच स्टोरी. मी वाचली तेव्हा मला वाटलं, यात होतं काय? मग तुमच्याकडे सुट्टीत पाहिलेला तो फेरीबोटीच्या तिकीटबाईचा सिनेमा आठवला. त्यातही काही होत नाही, आणि शेवटी मी तुमच्या टॉवेलने डोळे पुसत होते.

कॉलेजच्या फिल्म क्लबमधून मला लोकेशन टीममध्ये घेतलंय. टॅलंट वगैरे काही नाही. मला हिंदी, इंग्लिश, मराठी येतं आणि गाडी चालवता येते, म्हणून. त्यांना इंडियन घर हवंय. आत्तापर्यंत पाच दाखवली, पाचही नापास. आज लुसैलमधला एक फर्निश्ड फ्लॅट दाखवला. बाई एवढ्याशा आहेत मामा, माझ्या खांद्याला लागतील. पांढरे केस कानापर्यंत कापलेले, पुरुषी शर्ट, गळ्यात दोऱ्याला बांधलेली पेन्सिल. फ्लॅटमध्ये शिरल्या, सोफा बघितला नाही, खिडकीतून समुद्र दिसतो तोही बघितला नाही. सरळ लाईटच्या स्विचपाशी गेल्या, त्याच्या भोवतीच्या भिंतीवरून बोट फिरवलं, बोट बघितलं, वहीत काहीतरी लिहिलं आणि मान हलवून बाहेर. धूळ बघत असणार. जपानी लोक स्वच्छतेच्या बाबतीत किती स्ट्रिक्ट असतात ना.

लिफ्टमध्ये माझं तोंड माझं ऐकेना. मी त्यांच्या दुभाषी बाईला म्हटलं, आमचं घर बघाल का? बाबांना विचारलं नव्हतं, आईला विचारलं नव्हतं. सेत्सुकोबाईंनी माझ्याकडे पाहिलं आणि त्या हो म्हणाल्या. शुक्रवार, ८ नोव्हेंबर.

त्यांचा एक नियम आहे. ज्या घरात शूटिंग, त्या घरचंच एक माणूस त्यांच्या कंटिन्युइटीच्या वहीपाशी बसवतात. कप कुठल्या हातात होता, पदर कुठे होता, ते टिपून ठेवायचं. म्हणजे आमचं घर पास झालं तर अकरा दिवस मी त्यांच्या शेजारी. नाही झालं तर नोव्हेंबरअखेर नाइलाजाने सगळे त्या लुसैलच्या फ्लॅटवर जाणार आणि मी पार्किंगमध्ये गाड्या लावणार.

तुम्ही त्यांच्याशी मिरजेत तासभर बोलला आहात. प्लीज सगळं लिहा. त्यांना काय आवडतं? काय बोलू?

तुमची,
अंतरा

•

मिरज
२७ ऑक्टोबर २०२४

अंतरा,

तुझं पत्र चार वेळा वाचलं. पाचव्यांदा तुझ्या मामीनं काढून घेतलं आणि चकलीचं पीठ मळायला बसवलं.

बाईंबद्दल मला जे ठाऊक आहे ते सांगतो. जपानच्या एका मासेमारीच्या गावातला त्यांचा जन्म. वडील तंतुवाद्यं बनवायचे. दिग्दर्शक व्हायच्या आधी नऊ वर्षं त्या दुसऱ्यांच्या सिनेमात कंटिन्युइटी सांभाळायच्या. तू लिहिलंस ना, कप कुठल्या हातात, तेच काम. नऊ वर्षं फक्त बघणं. चौतिसाव्या वर्षी तो तिकीटबाईचा सिनेमा. मग दुसरा, तिसरा. सगळे खऱ्या घरांत, जिथं माणसं राहतात तिथं. चौथा एका मोठ्या कंपनीसाठी केला, राजेरजवाड्यांचा, स्टुडिओत सेट लावून. तो साफ आपटला. लोकांनी लिहिलं, बाई संपल्या. चार वर्षं काही नाही. आणि मग पाचवा, दोन बहिणी आणि बंद पडलेलं न्हाणीघर. आमच्या फिल्म सोसायटीत मी तो पहिल्यांदा बघितला तेव्हा प्रोजेक्टर बंद करायला उठलोच नाही. पडदा पांढरा झाला तरी तीस माणसं बसून होती. चौथ्या आणि पाचव्याच्या मधे त्या बाईला काय झालं असेल, याचा मी पंधरा वर्षं विचार करतोय.

आता महत्त्वाचं. ते स्विचचं तू उलटं वाचलंस पोरी. त्या धूळ शोधत नव्हत्या, डाग शोधत होत्या. माणूस राहतो तिथं स्विचभोवती बोटांचा काळपट डाग पडतो. त्या फ्लॅटमध्ये डाग नव्हता, म्हणजे तिथं रोज दिवा लावणारं कुणी नव्हतं. विभावरीला सांग, घराला हात लावू नका. केर काढा, बाकी काही नको. तुझी आई आमच्या घरातली आहे, पाहुणे येणार म्हटलं की काय करते मला माहीत आहे.

माझ्या भेटीचं म्हणशील तर ती जुनी गोष्ट. तू त्यांच्यासमोर माझं नाव काढू नकोस. मुद्दाम सांगतोय.

महिपती मामा

•

अबू हमूर
१० नोव्हेंबर २०२४

मामा,

तुमचं पत्र काल, शनिवारी मिळालं. बबीता काकूंनी दिवाळीसाठी मुक्काम वाढवला. बाई शुक्रवारी येऊन गेल्या.

काय झालं ते सांगते. हसायचं नाही.

मी घरी सांगितलं की बाई स्विचवरची धूळसुद्धा बघतात. माझीच चूक. बाबांनी लॅपटॉप उघडून एक्सेल शीट केली. त्यांच्या प्लँटमध्ये दर दोन वर्षांनी शटडाऊन असतं, सगळं बंद करून, उघडून, साफ करून परत जोडतात, तसं त्यांनी घराचं शटडाऊन प्लॅन केलं. दिवाळीला आई करते त्याच्या चौपट. हॉल रंगवला. स्विच नवीन बसवले मामा, स्विच. मिक्सरच्या मागची तेलकट भिंत, माझी उंची पेन्सिलीने लिहिलेली दाराची चौकट, सगळ्यावर ऑफ-व्हाईट. किचनमधले स्टीलचे डबे, इस्त्रीच्या टेबलावर वाळत घातलेले कपडे, बाबांची वर्तमानपत्रांची रद्दी, फ्रिजवरचे मॅग्नेट, सगळं सायराआपांच्या घरी नेऊन ठेवलं. त्या आमच्या कंपाऊंडमध्येच राहतात, मूळच्या रत्नागिरीच्या. सामान ठेवून घेतलं, मग आमच्या हॉलमध्ये एक चक्कर मारली आणि म्हणाल्या, “विभावरी, छान झालंय गं. आता नंबर कधी लागणार सांग, माझी दाढ दुखतेय.”

आईने पैठणी नेसली होती. बाबांनी ब्लेझर घातला होता, घरात.

सेत्सुकोबाई आल्या, बूट काढले, वाकून नमस्कार केला. हॉल बघितला. स्विच बघितला. किचनमध्ये गेल्या आणि ओट्यासमोर उभ्या राहिल्या, खूप वेळ. ओट्यावर काहीच नव्हतं. एक ऑर्किड होतं, प्लास्टिकचं. मग चहा प्यायल्या, नवीन कपातून, आणि बावीस मिनिटांत निघाल्या. वही उघडलीच नाही. पेन्सिल गळ्यात तशीच.

दारात आईने काय केलं असेल? डबा आणला. दिवाळीच्या चकल्या आणि शंकरपाळ्यांचा. मी कानात म्हटलं, आई, प्लीज, नको, त्या डिरेक्टर आहेत. आई म्हणाली, घरी आलेलं माणूस असं कोरडं कसं पाठवायचं? आणि चांगला डबासुद्धा नव्हता, सगळे सायराआपांकडे. फ्रिजच्या मागे राहिलेला एक जुना स्टीलचा सापडला, पोचे आलेला. बाईंनी दोन्ही हातांनी घेतला. मला जमिनीत जावंसं वाटलं.

संध्याकाळी दुभाषी बाईंचा मेसेज आला. घर खूप सुंदर आहे, सेत्सुको-सान म्हणतात की तुमच्या आईवडिलांना त्रास दिला त्याबद्दल माफी. पण इथे कोण राहतं ते त्यांना दिसलं नाही.

बाबांनी मेसेज वाचला आणि ब्लेझर घडी करून ठेवला. नंतर ते त्या रंगवलेल्या चौकटीपाशी जाऊन, जिथे माझी उंची लिहिलेली होती, तिथे हात लावून उभे होते. मला ते बघवलं नाही.

मी आता ठरवलंय, सगळं सामान परत आणते, होतं तिथे लावते, फोटो काढून त्यांना पाठवते. आणि सॉरी, पण तुमचं नावही सांगणार आहे. तुम्ही तासभर बोलला आहात त्यांच्याशी, त्यांना आठवेल. ही एकच गोष्ट उरलीये माझ्याकडे. पत्र कुरियर करतेय.

अंतरा

•

मिरज
१७ नोव्हेंबर २०२४

अंतरा,

आमच्या गल्लीतला मधु मंगळवारच्या विमानानं तिकडं येतोय, त्याच्याकडे हे देतो. आल्या आल्या वाच.

मी त्यांच्याशी तासभर बोललो नाही. एक मिनिटसुद्धा नाही. अठरा वर्षं सगळ्यांना खोटं सांगितलं, तुलाही.

२००६ साली त्या पुण्याला एका महोत्सवाला आल्या होत्या. वडील वाद्यं बनवायचे म्हणून त्यांना मिरजेचे सतारमेकर बघायचे होते. आमच्या फिल्म सोसायटीनं गाडी पाठवली. सतारी बघून झाल्या, जेवण झालं. परत जायच्या आधी त्यांच्याकडे एक तास होता. त्या एका तासात त्यांच्याशी बोलायचं म्हणून मी सहा महिने प्रश्न लिहीत होतो. एकेचाळीस प्रश्न.

आणि आम्ही सत्कार ठेवला. शाल, श्रीफळ, लाकडी मानचिन्ह. प्रास्ताविक, पाहुण्यांचा परिचय, मग ‘दोन शब्द’. एक जण दोन शब्द बोलला की दुसऱ्याला राहवेना. अकरा जण बोलले. त्यातला सगळ्यात जास्त वेळ बोललो मी. दुभाष्यानं तिसऱ्या भाषणानंतर सांगणं सोडून दिलं. बाईंच्या हातात घडी केलेला एक कागद होता, त्यांनाही काही बोलायचं होतं. सूत्रसंचालक म्हणाला, आता पाहुण्या दोन शब्द, तेवढ्यात ड्रायव्हर आत आला, पुण्याची गाडी चुकेल म्हणाला. त्या उठल्या, वाकल्या आणि गेल्या. कागद तसाच पर्समध्ये.

तुझ्या बाबांनी भिंत रंगवली, मी तोंडानं रंगवली. दोघांनाही त्या बाई इतक्या मोठ्या वाटत होत्या की आम्ही त्यांच्यासमोर आम्ही म्हणून उभेच राहू शकलो नाही.

म्हणून माझं नाव काढू नकोस म्हटलं. लाज वाटते.

आणि ऐक, सामान परत आण, पण घरात वापरायला आण. जुनं घर म्हणून मांडून फोटो पाठवलेस तर तो चौथा सिनेमा होईल. सेट. त्यांना लगेच कळेल. काही पाठवू नकोस. गमावलं तर गमावलं. तुझ्या बाबांना, गुरुप्रसादना म्हणावं, चौकटीवर परत उंची लिहा, पोरगी आहे तेवढीच आहे.

महिपती मामा

•

अबू हमूर
२३ नोव्हेंबर २०२४

मामा,

तुमचं पत्र बुधवारी मिळालं. मी आधी रडले, मग तुमच्यावर रागावले, मग अकरा भाषणांचा सीन डोळ्यासमोर आला आणि हसत सुटले. सॉरी. फोटो पाठवले नाहीत. गुरुवारी सगळं सामान सायराआपांकडून आणलं आणि खलास, विषय बंद केला.

आता काल काय झालं ते.

शुक्रवार, सकाळी अकरा. बाबा बनियनमध्ये, हॉलमध्ये जमिनीवर पेपर पसरून मटार सोलत बसलेले. आई गाऊनवर, केसांना मेंदी, डोक्याला प्लास्टिकची पिशवी. इस्त्रीच्या टेबलावर पापड वाळत घातलेले. सायराआपा आमचा मिक्सर मागायला आलेल्या, स्वतःचा बिघडला म्हणून, आणि ओट्याला टेकून आईला त्यांच्या सुनेचं काहीतरी सांगत होत्या. बेल वाजली. बाबा ओरडले, उघडंच आहे, यल्ला, आत या. त्यांना वाटलं पाण्याच्या बाटल्यावाला.

दारात सेत्सुकोबाई. मागे दुभाषी बाई. हातात आमचा पोचे आलेला डबा.

आईच्या हातातून चमचा पडला. बाबा उभे राहिले, मटारचे दाणे सगळीकडे. मी सॉरी सॉरी करत पुढे झाले. बाईंनी फक्त डबा पुढे केला. दुभाषी बाई म्हणाल्या, सेत्सुको-सानना डबा परत द्यायचा होता. त्यांच्या गावात शेजाऱ्याचं भांडं रिकामं देत नाहीत, म्हणून थोडे दिवस लागले, इथे नीट तांदूळ मिळत नव्हता. आई डोक्यावर पिशवी तशीच ठेवून म्हणाली, “अगं, आमच्याकडे पण नाही देत.” आणि तिने डबा उघडला. आत तांदळाचे गोळे, हाताने वळलेले, एकेकावर काळ्या कागदासारखा पट्टा. सेत्सुको मिझुनुमांनी स्वतः वळलेले, मामा. हॉटेलच्या खोलीत.

मग त्या आत आल्या. जमिनीवर बसल्या, बाबांसमोर. एक शेंग उचलली आणि सोलायला लागल्या. बाबा दोन मिनिटं बघत राहिले आणि मग तेही बसले. सायराआपांनी सुनेची गोष्ट अर्धवट सोडली होती, ती पुढे सुरू केली, हळूच. आईने चहा टाकला, रोजच्या कपात, ज्याचा कान तुटलाय तो स्वतःला घेतला. मला कुणी काही सांगितलं नाही. मी नुसती उभी होते आणि बघत होते. मला पहिल्यांदाच आमचं घर दिसलं. सांगता येत नाही मला नीट. बाबा मटार सोलताना प्रत्येक दहावा दाणा तोंडात टाकतात. वीस वर्षं मी त्यांच्याबरोबर राहतेय आणि हे मला माहीत नव्हतं. मी वर बघितलं तर बाईसुद्धा तेच बघत होत्या. त्यांनी पेन्सिल काढली आणि लिहिलं.

तासभर त्या बसल्या. चौकटीपाशी गेल्या, जिथे बाबांनी नव्या रंगावर गुरुवारीच माझी उंची लिहिली होती, एकच रेघ. तिथेही थांबल्या.

निघताना त्यांनी डब्यावर बोट ठेवलं. विचारलं, हे काय कोरलंय? मी बघितलं, तर मला पण माहीत नव्हतं. आईने वाचून दाखवलं. ‘चि. सौ. कां. विभावरीस महिपतीकडून, मिरज, १९९९.’ मी सांगितलं की आमच्याकडे लग्नात भांडं देताना नाव घालतात, कुणी दिलं आणि कुठून.

बाई म्हणाल्या, “मिरज?”

दुभाषी बाईंनी सांगायच्या आधीच म्हणाल्या. मग म्हणाल्या की त्यांच्या घरी शेल्फवर एक लाकडी पाटी आहे, तिच्यावर अशीच अक्षरं आहेत. मग मला राहवलं नाही. मामा, मी तुमचं नाव सांगितलं. डब्यावरच होतं, काय लपवणार? मी म्हटलं, माझ्या मामांना अठरा वर्षं वाईट वाटतंय, त्यांनी तुम्हाला बोलू दिलं नाही.

त्या परत बसल्या. आता मी त्यांचं बोलणं जसं दुभाषी बाईंनी सांगितलं तसंच्या तसं लिहिते. काल लगेच इंग्लिशमध्ये उतरवून ठेवलं होतं.

“तेव्हा माझा चौथा सिनेमा पडला होता. मी ठरवलं होतं की हे काम सोडायचं. जपानमध्ये हे सांगायची हिंमत नव्हती. वाटलं, लांबच्या गावात, अनोळखी लोकांना आधी सांगून बघावं. माझ्या हातात जो कागद होता त्यावर लिहिलं होतं की मी आता सिनेमा करणार नाही. पण माझी पाळीच येईना. एक माणूस उठायचा, बोलायचा, बसायचा, मग दुसरा. मला एक शब्द कळत नव्हता, म्हणून मी फक्त बघत होते. एकजण बोलताना माझ्या तिकीटबाईसारखा हात करत होता, नाणी मोजतात तसा. एकाने डोळे पुसले. शेवटचा उंच माणूस सगळ्यात जास्त वेळ बोलला, हातातले कागद संपले तरी तो थांबेना. गाडीत बसल्यावर मला कळलं की कागद वाचायचा राहून गेला. पुण्याला पोचेपर्यंत तो वाचावासा वाटेना. मग मी त्याच्या मागच्या बाजूला दोन बहिणींबद्दल लिहायला लागले.”

मामा, चौथ्या आणि पाचव्याच्या मधे काय झालं, विचारत होता ना? तुम्ही झालात.

त्या अजून एक म्हणाल्या. “त्यांना सांग, मला बोलू दिलं नाही त्याबद्दल शुक्रन.” आभाराचा हा अरबी शब्द त्या इथे शिकल्यात.

शूटिंग ८ डिसेंबरपासून. घर हेच. बाबांना सांगितलंय, एक दाणाही हलवायचा नाही. ते म्हणाले, मग मटार रोज आणायचे का? मला वही मिळालीये. पहिल्या पानावर त्यांनी त्या दिवसाची तारीख घातली आणि मला लिहायला लावलं, मराठीत: बाबा, दहावा दाणा.

अंतरा

•

मिरज
८ डिसेंबर २०२४

अंतरा,

आज तुझा पहिला दिवस, म्हणून आजच लिहितो.

अकरा जणांपैकी सात उरलोय. सगळ्यांना परवा घरी बोलावलं आणि तुझं पत्र वाचून दाखवलं. मग मामीनं दुसऱ्यांदा वाचलं. नाणी मोजल्यासारखा हात करणारे आमचे देवव्रत कुलकर्णी. तेव्हा बँकेत होते, आता पंचाहत्तरीचे आहेत. त्यांनी आपला हात उलटसुलट करून बघितला.

वाचून झाल्यावर ते उठले, घसा साफ केला आणि म्हणाले, या प्रसंगी मला दोन शब्द बोलावेसे वाटतात. त्यांच्या मागे आणखी दोघे उठायला लागले.

मी म्हटलं, आज नको. आज बसू या नुसते.

आणि खरंच बसलो. सात म्हातारे, चहा गार होईपर्यंत, कुणी काही बोललं नाही. मिरजेत हे पहिल्यांदाच घडलं असेल. मी सगळ्यांकडे बघत होतो. कुलकर्णी बिस्कीट चहात बुडवायच्या आधी ते दोनदा कपाच्या काठावर टेकवतात.

वहीत लिहून ठेवलंय.

महिपती मामा